काउंटरमागची अ‍ॅन पेट्री

आमच्या वाचनकट्ट्यावर अमेरिकन कादंबरीचा विषय निघाला की मी अ‍ॅन पेट्री या कृष्णवर्णीय लेखिकेचं नाव घेते. मग कुणीतरी हमखास विचारतं, ‘द स्ट्रीट’ या पहिल्याच कादंबरीच्या १० लाखांहून जास्त प्रती खपल्यावर ही बाई न्यूयॉर्क सोडून गावी का गेली? घाबरली का? परवा तुम्हीही तेच विचारलंत, म्हणून आता सविस्तर सांगते.

सुरुवात औषधांच्या दुकानापासून करावी लागेल. पेट्री १९०८ साली ओल्ड सेब्रुकला जन्मली. कनेक्टिकट नदीच्या मुखाशी असलेलं हे छोटं गाव, वस्ती जवळपास सगळी गोऱ्यांची. वडील पीटर लेन फार्मसिस्ट, स्वतःचं दुकान. मावशी अ‍ॅना लुईझ जेम्स कनेक्टिकट राज्यातली पहिली कृष्णवर्णीय महिला फार्मसिस्ट. अ‍ॅनही १९३१ साली फार्मसी शिकून घरच्या दुकानात उभी राहिली. मी स्वतः मेडिकलमध्ये बसते, त्यामुळे तिचं तिथलं शिक्षण मला कळतं. गिऱ्हाईक चिठ्ठी पुढे करतं आणि आपण गोळ्या काढेपर्यंत सुनेपासून सावकारापर्यंत सगळं बोलून मोकळं होतं. ऐकणाऱ्याकडे त्याचं लक्षही नसतं.

१९३८ मध्ये लग्न करून ती न्यूयॉर्कमधल्या हार्लेम या कृष्णवर्णीयांच्या वस्तीत आली. आधी ‘अ‍ॅम्स्टरडॅम न्यूज’ या वर्तमानपत्रासाठी जाहिराती मिळवायचं काम, मग ‘पीपल्स व्हॉइस’ या दुसऱ्या पत्रात बातमीदारी. आईवडील कामावर असल्यामुळे गळ्यात घराची किल्ली अडकवून हिंडणाऱ्या मुलांसाठी तिथल्या एका शाळेत उपक्रम चालला होता, त्यातही ती होती. अशात एक बातमी तिच्या वाचनात आली: एका इमारतीच्या रखवालदाराने लहान मुलाला लोकांच्या टपालपेट्यांतून पत्रं चोरायला शिकवलं होतं. ‘द स्ट्रीट’चं बीज हेच. प्रकाशकाची २४०० डॉलरची फेलोशिप मिळाली आणि १९४६ मध्ये कादंबरी आली.

ल्युटी जॉन्सन ही एकटी आई आठ वर्षांच्या बबला घेऊन ११६व्या रस्त्यावरच्या अंधाऱ्या खोल्यांत राहायला येते. बेंजामिन फ्रँकलिनचा आदर्श तिने मनावर घेतलाय: कष्ट करा, काटकसर करा, वर याल. आई सतत पैशाच्या काळजीत, म्हणून पोरगा इमारतीच्या रखवालदाराच्या नादी लागून पत्रं चोरतो. आपण पोलिसांना मदत करतोय, अशी पोराची समजूत करून दिलेली असते. तो पकडला जातो, आणि वकील ल्युटीकडे २०० डॉलर मागतो. खरं तर या कामाला वकिलाची गरजच नसते! त्याला ते ठाऊक असतं, तिला नसतं. ते पैसे मिळवायच्या धडपडीत तिच्या हातून खून होतो. माझ्या मते अख्ख्या पुस्तकातलं सर्वांत क्रूर पान त्या वकिलाचं आहे, खुनाचं नव्हे. तिथे कुणी आवाजही चढवत नाही. समीक्षक हिला रिचर्ड राइट या कृष्णवर्णीय कादंबरीकाराच्या पंक्तीत बसवतात, ते ठीकच. पण पेट्री रखवालदाराच्याही डोक्यात शिरते, तळघरांत आयुष्य घालवून तो कसा कुजला ते दाखवते. मला ती त्यामुळे राइटपेक्षा उजवी वाटते. वाद घाला हवा तर.

आता तुमचा प्रश्न. पुस्तक गाजलं आणि लोक तिच्याकडे बघायला लागले. मुलाखती, फोटो, ओळखी. तोवर बघायचं काम तिचं होतं; स्वतःवर रोखलेल्या नजरा तिला मानवल्या नाहीत. १९४७ मध्ये नवऱ्यासह ती ओल्ड सेब्रुकला परतली आणि १९९७ मध्ये मरेपर्यंत तिथलीच राहिली. लिहिणं मात्र थांबलं नव्हतं. १९४७ मध्येच ‘कंट्री प्लेस’ ही कादंबरी आली, तिचा निवेदक कोण? गावातला औषधविक्रेता! १९५३ मध्ये ‘द नॅरोज’, पुढे गुलामांना पळून जायला मदत करणाऱ्या हॅरिएट टबमनवर मुलांसाठी पुस्तक, कथा.

परत जाऊन तिला निवांतपणा मिळाला, असं मात्र समजू नका. मोजक्याच कृष्णवर्णीय घरांपैकी एक असलेल्या कुटुंबावर गावाची नजर असतेच. ‘द न्यू मिरर’ ही तिची कथा मी कट्ट्यावर दोनदा वाचून दाखवली आहे. औषधांच्या दुकानाचा कृष्णवर्णीय मालक एक दिवस कुणाला न सांगता नाहीसा होतो. घरचे हवालदिल, पण पोलिसांना कळवायला बिचकतात, कारण कळवलं की गावभर चर्चा: काळा माणूस पळाला, नक्की काहीतरी भानगड असणार. निवेदन करणाऱ्या शाळकरी मुलीला तेव्हा उमगतं की आपलं घर कायम दुसऱ्यांच्या नजरेखाली जगतंय. वडिलांचं म्हणाल, तर ते कवळी बसवून घ्यायला गेलेले असतात.