निकाल लागला, वावर तिथंच

आत्याने फोनवर एवढंच विचारलं, "मंग आवंदा आमी पेराचं ना?" हो म्हणवेना, नाही म्हणवेना. तेव्हापासून डोक्यात तेच.

वाटणीच्या दाव्यात आत्याचा हिस्सा मंजूर झाला, खरं आहे. हिंदू वारसा कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीने भावांइतकाच. पेढेही वाटून झाले. पण हातात आला तो प्राथमिक हुकूमनामा. बारा एकरांत चौथाई, म्हणजे 1 हेक्टर 21 आर, एवढं त्यात लिहिलंय. ते नाल्याकडचं की रस्त्याकडचं, हे कुठंच नाही. मग पेरायचं कुठं?

सरकारी शेतसारा लागणारी जमीन कोर्ट स्वतः वाटत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे प्रकरण जिल्हाधिकाऱ्यांकडे, तिथून तहसीलला, पुढं भूमी अभिलेखला. मोजणी फी भरा, सगळ्या हिस्सेदारांना आणि लगतच्या धुरेवाल्यांना नोटिसा. तारीख ऑक्टोबरात पडली की संपलं. छातीएवढ्या पऱ्हाटीत मोजणी होत नाही, भूकरमापक परत जातो. कापूस, तूर निघून वावर मोकळं व्हायला फेब्रुवारी उजाडतो. नकाशा झाला की हरकती, कारण आर सारखे असले तरी हलकी खरड आणि भारी काळी सारखी नसते. मग ताबा पंचनामा, फेरफार, फाळणी बारा म्हणजे पोटहिस्स्यांच्या मोजणीचा कागद, सातबाऱ्यावर नवा हिस्सा नंबर. त्यानंतर पेरणी.

हे सगळं फोनवर कसं सांगायचं? आणि मलाच का विचारतात सगळे? हिस्सेदारांपैकीच बंडू, त्याला कोणी विचारत नाही. वहिवाट त्याची, पीक त्याचं, त्याला घाई कशाची. मधल्या वर्षांच्या उत्पन्नाचा हिशेब दाव्यात मागता येतो. तो मागितलाय की नाही... जाऊ दे.

त्यात मोठे काका गेले. प्रतिवादी 3 च्या जागी आता त्यांचे वारस, 3-अ ते 3-इ. वारस रेकॉर्डवर आणावे लागतात.  वाटणीत एक हिस्सेदार सुटला तर सगळंच अडतं. आणि 3-क सुरतला. दोनदा समन्स 'पत्ता अपुरा' म्हणून परत आलं.

प्राथमिक हुकूमनाम्यानंतर कोर्टानेच अंतिम हुकूमनाम्यासाठी पुढची तारीख नेमावी, असं सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये सांगितलंय. छान सांगितलंय. अर्जाला त्याची झेरॉक्स आपणच जोडायची. अर्जाला मुदत नाही म्हणून अनेकजण तो टाकतच नाहीत, आणि भिंतीवर फ्रेम करावा तसा हुकूमनामा जपून ठेवतात.

चिडून तरी काय होणार. अपील झालं नाही, हेच नशीब म्हणायचं. शिवाय महसूल संहितेचं कलम 85 आहेच. सगळे सहधारक राजी असले तर तहसीलदार वाटणी करून देतो, कोर्टात तडजोडीची पुरशिस, म्हणजे लेखी निवेदन, टाकली की झालं. बंडू सही देईल, पण विहीर त्याच्या तुकड्यात हवी. आत्या म्हणेल, विहिरीवाचून तीन एकर कोरडवाहू घेऊन करू काय? विहीर सामाईक ठेवून पाण्याची पाळी सातबाऱ्याच्या इतर हक्कात लिहून घेता येते. तेवढं दोघं मानले तर उन्हाळ्यातच अर्ज टाकता येईल. सुरतवाल्याची सही मात्र त्यावरही लागणार.