नारा पायी पाहावं

जपानमधल्या नारा शहरात बहुतेक पर्यटक सकाळी ओसाकाहून किंवा क्योतोहून येतात, हरणांना बिस्किटं घालतात, मोठ्या बुद्धाचं दर्शन घेतात आणि दुपारच्या गाडीने परत जातात. मला त्याची फार हळहळ वाटते. इ. स. ७१० ते ७८४ या काळात हे गाव देशाची राजधानी होतं, आणि त्या काळाने मागे ठेवलेली खरी गंमत एका देवळातून दुसऱ्या देवळात जाणाऱ्या वाटांवर आहे. शिंतो, म्हणजे जपानच्या मूळ धर्माचं, देवस्थान कुठे संपतं आणि बौद्ध मंदिर कुठे सुरू होतं, हे नकाशात अगदी ठळक दाखवलेलं असतं. पण सोबत जाणतं माणूस घेऊन चालायला लागलं की ती रेघ पुसट होत जाते. म्हणून माझं सांगणं असं, की नाराला अख्खा दिवस द्यावा, गाईड घ्यावा आणि बसमध्ये बसूच नये.

मी आईला घेऊन गेले ती नोव्हेंबरात. हवा कोरडी आणि गार, मेपलची पानं लाल व्हायला लागलेली. नारामध्ये स्वयंसेवी गाईडची मंडळं आहेत. ते मानधन घेत नाहीत, त्यांचा प्रवासखर्च आणि प्रवेशाची तिकिटं तेवढी आपण द्यायची. भेटायची जागा किन्तेत्सु नारा स्टेशनबाहेरचं कारंजं. त्यावर ग्योकी नावाच्या आठव्या शतकातल्या भिक्षूचा पुतळा आहे. आमच्या गाईडबाई साठी ओलांडलेल्या, शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेल्या. आईला त्यांनी पहिल्या नमस्कारापासून ‘ओकासान’, म्हणजे आईच, म्हणायला सुरुवात केली. त्या इंग्रजीत सांगायच्या, मी आईला मराठीत सांगायचे, आणि अर्ध्या वेळा त्या दोघी माझ्याशिवायच एकमेकींना समजून घ्यायच्या.

निघण्याआधी त्यांनी रीत सांगितली. देवस्थानाच्या तोरीतून, म्हणजे त्या दोन खांबी कमानीतून, आत जाताना किंचित वाकायचं. वाटेच्या मधोमध चालायचं नाही, तो भाग देवाचा. देवासमोर दोनदा वाकायचं, दोन टाळ्या वाजवायच्या, पुन्हा एकदा वाकायचं. बौद्ध मंदिरात टाळ्या नाहीत, नुसते हात जोडायचे. “एवढा फरक लक्षात ठेवा,” त्या म्हणाल्या, “बाकीचे फरक दिवसभरात कमी होत जातील.”

पहिला मुक्काम कोफुकु-जी. फुजिवारा या बलाढ्य घराण्याचं हे मंदिर. गवतावर उभं करून बाईंनी विचारलं, “या मंदिराला भिंत कुठे दिसते का?” खरंच नव्हती. रस्ता संपून मंदिर कधी सुरू झालं हे आम्हाला कळलंच नव्हतं. मग त्यांनी १८६८ सालची हकीकत सांगितली. मेजी राजवटीने, म्हणजे सम्राटाच्या नव्या सरकारने, हुकूम काढला, की शिंतो देव आणि बुद्ध यांची सरमिसळ बंद, दोघांची ठाणी वेगळी करा. तोवर हजारेक वर्षं दोघं एकाच आवारात नांदत होते. कोफुकु-जी आणि शेजारचं कासुगा देवस्थान तर दोन्ही फुजिवारांचीच, जवळजवळ एकच संस्था. हुकूम येताच कोफुकु-जीचे भिक्षू भिक्षुपण सोडून कासुगाचे पुजारी झाले. मंदिर ओस पडलं, भिंती पाडल्या गेल्या, आणि त्याच जागेवर १८८० मध्ये नारा पार्क झालं. पाच मजली पॅगोडासुद्धा विकायला काढला होता, अशी गोष्ट गावात अजून सांगतात.

तो पॅगोडा आज उभा आहे. सध्याची इमारत १४२६ सालची, उंची सुमारे ५० मीटर. मात्र मोठ्या दुरुस्तीसाठी तो झाकलेला आहे आणि पुढची काही वर्षं तसाच राहणार. बाईंनी पिशवीतून जुना फोटो काढून दाखवला. हिरमुसून जाऊ नका, कारण कोफुकु-जीचं सगळ्यात मोठं धन संग्रहालयात आहे.

ते धन म्हणजे अशुरा. आपला असुर. तीन मुखं, सहा हात आणि उंची जेमतेम दीड मीटर. सम्राज्ञी कोम्यो हिने आईच्या वर्षश्राद्धासाठी जे सभागृह बांधवलं, त्यातली ही ७३४ सालची मूर्ती. आधी मातीचा गाभा घडवायचा, त्यावर लाखेच्या रोगणात भिजवलेलं जाडंभरडं कापड थरावर थर चढवायचं, वाळलं की आतली माती काढून लाकडी चौकट बसवायची, अशी ती पद्धत. त्यामुळे आतून पोकळ आणि उचलायला हलकी. मंदिराला कितीतरी वेळा आगी लागल्या, तरी ही मूर्ती वाचली. बाईंच्या मते ती वाचली याचं एक कारण तिचं वजन. माणसांना ती उचलून पळता आलं.

मी जवळून पाहिला तो समोरचा चेहरा. भुवया मधोमध गोळा झालेल्या, डोळ्यांत पाणी येण्याच्या आधीची चमक, ओठ घट्ट मिटलेले. बारा-तेरा वर्षांच्या मुलाचा चेहरा. छातीशी जोडलेले दोन हात बारीक, लांब, आणि बोटांवरचा रंग जागोजागी उडालेला.

आई बराच वेळ बोललीच नाही. मग म्हणाली, “अगं, असुर म्हणतेस आणि हा तर पश्चात्तापाने रडवेला झालाय.”

बाईंना हे सांगितलं तेव्हा त्यांनी मान हलवली. इंद्राशी लढणारा तो असुर बुद्धाचा उपदेश ऐकून धर्माचा रक्षक झाला. त्याच रांगेत चोच असलेला गरुड आहे, तो तिथे करुरा. कपाळावर एकच शिंग असलेला किन्नर आहे, गंधर्व आहे. आपल्याकडच्या पोथ्यांतून ही मंडळी चीनमार्गे इथवर आली आणि तेराशे वर्षांपूर्वीच्या पोशाखात अजून उभी आहेत. आत फोटो काढू देत नाहीत. ते उत्तमच, डोळे भरून पाहता येतं.

तिथून पूर्वेला तासभर रमत गेलं की कासुगा ताइशा, म्हणजे तेच कासुगा देवस्थान. वाट झाडीतून जाते आणि झाडीही साधी नाही. मागच्या कासुगा डोंगरावर शिकार आणि लाकूडतोडीला ८४१ पासून बंदी आहे. हरणं वाटभर. ताकेमिकाझुची हा देव पूर्व जपानातल्या काशिमाहून पांढऱ्या हरणावर बसून इथे आला, म्हणून ती देवाची दूत. आज बाराशेच्या वर हरणं मोकळी फिरतात, आणि ती पाळीव नाहीत, रानटीच आहेत, हे बाईंनी आईला दोनदा बजावलं. हात धुवायच्या जागीही हरीणच आहे. कांस्याचं, बसलेलं, तोंडात गुंडाळी धरलेलं, आणि तोंडातून पाण्याची धार. आधी डावा हात, मग उजवा, ओंजळीतून पाणी घेऊन चूळ, मग पळीचा दांडा धुवायचा. आईला हे शिकवावं लागलं नाही.

कासुगाची स्थापना ७६८ सालची. चार मुख्य देव आणि सुमारे तीन हजार दिवे: वाटेच्या दुतर्फा दगडी, आत ओळीने टांगलेले कांस्याचे. सगळे भक्तांनी वाहिलेले. दगडी दिव्यांवर शेवाळ चढलंय, काहींवर हरणं कोरली आहेत. जेजुरीच्या पायऱ्या चढताना दीपमाळांवर नवसाची नावं वाचत जातो, तशी आई एकेका दिव्यावरची अक्षरं बोटाने गिरवत चालली होती. बहुतेकांवर फक्त ‘कासुगा-शा’ असं कोरलेलं असतं, अगदी मोजक्यांवर ‘कासुगा दायम्योजिन’, म्हणजे कासुगाचा महान देव. एका रात्रीत असे तीन शोधणारा श्रीमंत होतो, असं म्हणतात. हे सगळे दिवे पेटतात ते फेब्रुवारीत सेत्सुबुनला, म्हणजे वसंताच्या आदल्या दिवशी, आणि १४ व १५ ऑगस्टच्या रात्री. एरवी जाणाऱ्यांसाठी आत एक अंधारी खोली ठेवली आहे, तिथे कंदील बारमाही तेवत असतात. ती चुकवू नका.

इथेच बाईंनी एक गोष्ट सांगितली, जी मला पुस्तकातल्या दहा पानांपेक्षा मोलाची वाटली. दरवर्षी २ जानेवारीला कोफुकु-जीचे भिक्षू चालत कासुगाला येतात आणि शिंतो देवासमोर बौद्ध सूत्रांचा पाठ करतात. हुकुमाने भिंत घातली, नातं मात्र तुटलं नाही.

जेवणाचं थोडक्यात: आई शाकाहारी, तेव्हा डबा बरोबर होता. बाईंनी योशिनोच्या कुझु कंदाच्या पिठाची पारदर्शक मिठाई खाऊ घातली आणि आम्ही उत्तरेकडे वळलो.

तोदाइ-जी, म्हणजे मोठ्या बुद्धाचं मंदिर, त्याच्या आवाराला खेटून तामुकेयामा हाचिमान्गू नावाचं एक देवस्थान आहे. गर्दी इथे थांबत नाही, तुम्ही थांबा. मोठा बुद्ध घडत असताना क्युशू बेटावरच्या उसा या गावच्या हाचिमान देवाने कौल दिला, की मी या कामाला मदत करीन. म्हणून ७४९ मध्ये त्याला इथे आणून बुद्धाचा रक्षक म्हणून बसवलं. त्या देवाची मूर्ती काइकेइ या थोर शिल्पकाराने १२०१ साली घडवली ती मुंडन केलेल्या भिक्षूच्या रूपात. शिंतो देव, अंगावर बौद्ध कषायवस्त्रं! मेजी हुकुमानंतर ती देवस्थानातून हलवून तोदाइ-जीकडे गेली आणि आता ५ ऑक्टोबरला दर्शनाला खुली होते. आम्हाला बाईंच्या वहीतल्या चित्रावरच समाधान मानावं लागलं.

मग मोठा बुद्ध. ७३५ ते ७३७ या काळात देवीच्या रोगाच्या साथीने जपानची दैना केली. सम्राट शोमूने ७४३ मध्ये वैरोचन बुद्धाची मूर्ती उभारायचं फर्मान काढलं आणि त्यात म्हटलं, की कोणी गवताची एक काडी किंवा मूठभर माती घेऊन आला तरी त्याला या कामात हात लावू द्या. लोकांतून मदत गोळा करत फिरला तो ग्योकी, स्टेशनबाहेरच्या कारंज्यावरचा. मूर्ती सुमारे १५ मीटर उंच. ११८० आणि १५६७ च्या युद्धांत मंदिर जळालं, डोकं पुन्हा ओतावं लागलं. आजचा सभामंडप १७०९ चा, ५७ मीटर रुंद. मूळचा याहूनही बराच रुंद होता.

पण मला सांगायचं आहे ते बोधिसेनाबद्दल. हा भारतातला ब्राह्मण भिक्षू. चीनमार्गे समुद्रातून ७३६ मध्ये जपानला आला आणि त्याला सामोरा गेला तो हाच ग्योकी. ७५२ मध्ये मूर्तीचे डोळे उघडायचा, म्हणजे बुबुळं रेखायचा, विधी झाला, तेव्हा तो मान बोधिसेनाला मिळाला. त्याच्या कुंचल्याला निळ्या रेशमी दोऱ्या बांधल्या होत्या आणि जमलेल्या लोकांनी त्या हातात धरल्या होत्या, म्हणजे डोळे रेखण्याचं पुण्य सगळ्यांना मिळावं. तो कुंचला आणि ती दोरी शोसोइन या तोदाइ-जीच्या जुन्या कोठारात आजही जपलेली आहे. बोधिसेन परतला नाही. ७६० मध्ये तो जपानमध्येच वारला.

हे मराठीत सांगताना माझा आवाज भरून आला. आईने बुद्धाकडे पाहत विचारलं, “त्याच्या घरी कोणी कळवलं असेल का गं?” बाईंना याचा तर्जुमा करून सांगितला, तर त्यांनी आईचा हात हातात घेतला. बाहेर ओसरीवर बिन्झुरूची लाकडी मूर्ती आहे, म्हणजे बुद्धाचा शिष्य पिंडोल भारद्वाज. आपला दुखरा अवयव असेल तिथे त्याला हात लावायचा, मग स्वतःला. आईने त्याचा गुडघा चांगला चोळला. लोकांच्या हातांनी तो गुळगुळीत झालेला आहे.

शेवट निगात्सु-दो. टेकडीवरचं हे सभागृह दिवसरात्र खुलं असतं, तिकीट नाही. शेजारच्या विश्रांतिगृहात फुकट चहा मिळतो आणि सज्ज्यातून सगळं नारा दिसतं. पायऱ्या बऱ्याच आहेत, ज्येष्ठांनी सावकाश चढाव्यात. इथला शुनि-ए हा विधी ७५२ पासून एकदाही न चुकता चालू आहे. १ ते १४ मार्च, अकरा भिक्षू, रोज संध्याकाळी सज्ज्यावरून धावणाऱ्या जळत्या मशाली. विधी पूर्णपणे बौद्ध, कन्नोनसमोरचा, म्हणजे करुणेच्या बोधिसत्त्वासमोरचा. पण त्यात जपानभरच्या शिंतो देवांची नावं वाचून त्यांना बोलावतात. वाकासा प्रांतातला एक देव मासेमारीत रमला आणि उशिरा पोहोचला. त्याची भरपाई म्हणून त्याने कन्नोनसाठी पाणी देऊ केलं, अशी कथा आहे. तेच पाणी टेकडीखालच्या विहिरीतून १२ मार्चच्या उत्तररात्री काढतात.

मशाली बघायच्या असतील तर १२ तारीख टाळा. त्या दिवशी सगळ्यात मोठ्या मशाली असतात, आणि गर्दीही तशीच. पहिल्या आठवड्यातला साधा वार धरा, अंधार पडायच्या बऱ्याच आधी जागा पकडा, आणि गाईडला निघण्याच्या काही आठवडे आधी लिहा. हॉटेल मात्र नारामध्येच घ्या, म्हणजे शेवटच्या गाडीकडे लक्ष ठेवावं लागत नाही.