पाच रकान्यांचा तक्ता : प्यूजेट साउंड परिसरातील जुने खून, माझ्या नोंदवहीची प्रगती

११ जानेवारी

ग्रीन रिव्हर प्रकरणाचा, म्हणजे अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्यात सिएटलच्या आसपास १९८० च्या दशकात झालेल्या मुलींच्या व तरुणींच्या खूनसत्राचा, कालक्रम माझ्यापुरता पूर्ण झाला आहे, असे मी मागच्या नोंदीत लिहिले होते. ते विधान मी मागे घेते. डिसेंबरच्या सुट्टीत तक्ता पुन्हा तपासायला बसले, तेव्हा लक्षात आले की 'तारीख' या एकाच रकान्यात मी काही ठिकाणी मुलगी शेवटची दिसली तो दिवस लिहिला आहे, काही ठिकाणी तिचे अवशेष सापडले तो दिवस, तर काही ठिकाणी वर्तमानपत्रात बातमी आली तो दिवस. आणि या सरमिसळीवरून मी जो आलेख काढला होता, त्यात १९८४ च्या सुमारास खुनांची मोठी लाट आल्यासारखी दिसत होती. प्रत्यक्षात या प्रकरणातील खुनी गॅरी रिजवे याने कबूल केलेल्या खुनांपैकी बहुतेक जुलै १९८२ ते १९८४ च्या वसंत ऋतूपर्यंतचे आहेत. १९८४ मध्ये वाढले होते ते अवशेष सापडण्याचे प्रमाण. मोठे स्वतंत्र तपास पथक जानेवारी १९८४ मध्ये उभे राहिले, तेव्हा खुनांचा वेग ओसरू लागला होता, पण पोलिसांच्या नकाशावर मात्र दर आठवड्याला नवी खूण पडत होती.

म्हणून तक्ता मोडून पुन्हा बांधायला घेतला आहे. आता त्यात पाच रकाने आहेत : शेवटचे दिसणे, बेपत्ता असल्याची तक्रार, अवशेष सापडणे, ओळख पटणे, गुन्हा उलगडणे. आमच्या घरी या उद्योगाला 'मढ्यांचा हिशेब' म्हणतात. नाव खोचक आहे, पण काम खरोखर हिशेबाचेच आहे.

२६ जानेवारी

पहिले पाच मृतदेह सोपे होते. १५ जुलै १९८२ रोजी केंट शहराजवळ ग्रीन रिव्हर नदीत पहिला मृतदेह सापडला, १२ ऑगस्टला दुसरा आणि १५ ऑगस्टला एकाच जागी तीन. बळी पडलेल्या मुली दिसेनाशा झाल्यापासून मृतदेह हाती येईपर्यंतचे अंतर दिवसांत मोजता येते. नदीवर लक्ष ठेवले जात आहे हे कळल्यावर खुन्याने नदी सोडली आणि तो सिएटल-टॅकोमा विमानतळाभोवतालच्या रिकाम्या जागा, रस्त्यांचे उतार आणि पूर्वेकडच्या डोंगराळ हमरस्त्यांच्या कडेची झाडी वापरू लागला. तिथून पुढे हे अंतर महिन्यांत, मग वर्षांत जाते.

खरी अडचण दुसऱ्या रकान्यात आली. पॅसिफिक हायवेच्या पट्ट्यावरून नाहीशा झालेल्या यातल्या अनेक मुली घरातून पळून आलेल्या अल्पवयीन होत्या किंवा वेश्याव्यवसायात ओढल्या गेलेल्या होत्या. मैत्रिणींना वाटे, ती पोर्टलंडला गेली असेल, आणि घरच्यांना वाटे, ती मैत्रिणींकडे असेल. त्यामुळे तक्रारीचा रकाना कधी कित्येक आठवडे उशिराची तारीख दाखवतो, तर कधी कोराच राहतो. कोऱ्या घरात मी आता शून्य लिहीत नाही, आडवी रेघ ओढते, कारण शून्याची बेरीज होते आणि सरासरी फसवी निघते.

एका ओळीपाशी मी दोन संध्याकाळी अडून बसले. ३० एप्रिल १९८३ रोजी एक अठरा वर्षांची मुलगी एका पिकअप ट्रकमध्ये बसून गेली. तिच्या मित्राने तो ट्रक पाहिला होता. तीन-चार दिवसांत त्याने तिच्या वडिलांना बरोबर घेऊन परिसर पालथा घातला आणि तो ट्रक एका घरासमोर उभा असलेला शोधून काढला. डे मॉइन नावाच्या लहान शहराचे पोलीस त्या घरी गेले. घरमालकाने आपण अशा कोणा मुलीला पाहिलेच नाही असे सांगितले आणि पोलीस परतले. घरमालक रिजवे होता. मुलीचे अवशेष ऑबर्नच्या परिसरात २००३ मध्ये सापडले, तेही त्यानेच जागा दाखवल्यावर. या ओळीत पहिल्या आणि तिसऱ्या रकान्यात वीस वर्षांचे अंतर आहे, आणि खुन्याचे दार मात्र पहिल्याच आठवड्यात ठोठावले गेले होते.

९ फेब्रुवारी

माझी दुसरी चूक नकाशाची आहे आणि ती अशी जुनी प्रकरणे अभ्यासणाऱ्या आपल्यापैकी अनेकांच्या नकाशांत असेल, म्हणून सविस्तर लिहिते. मी अवशेष सापडल्याच्या जागा आजच्या शहरसीमांवर मांडल्या होत्या. परंतु सीटॅक आणि फेडरल वे ही शहरे म्हणून १९९० मध्ये अस्तित्वात आली आणि ब्यूरियन १९९३ मध्ये. १९८२ ते १९८४ या काळात हा सगळा भाग थेट किंग काउंटीच्या (सिएटल ज्यात येते त्या जिल्ह्याच्या) शेरीफच्या, म्हणजे पोलीस प्रमुखाच्या, हद्दीत होता, तर केंट, ऑबर्न आणि डे मॉइन यांची स्वतःची पोलीस दले होती. म्हणजे आजच्या नकाशावर जो गुन्हा पाच-सहा पोलीस दलांत विखुरलेला दिसतो, तो त्या काळी बराचसा एकाच दलाकडे होता, आणि माहिती नेमकी अडकली ती त्या एका मोठ्या दलाच्या आणि त्याला लागून असलेल्या जुन्या लहान शहरांच्या शिवेवर. वर सांगितलेली डे मॉइनची भेट अशाच शिवेवर अडकली. ती बातमी ग्रीन रिव्हरच्या तपासाशी जोडली जायला कित्येक महिने गेले. 'पोलिसांच्या हद्दींचा सावळागोंधळ' असे जे ठरीव वाक्य मीही पूर्वी लिहीत असे, ते आता अधिक जपून लिहीन.

आजच्या सीमा काढून टाकून जुन्या सीमांचा थर चढवला आहे. त्याच वेळी ऑरेगनमधील टिगार्ड आणि टुअलॅटिनजवळच्या जागाही जोडल्या. तपास दुसऱ्या राज्याकडे वळावा म्हणून रिजवेने काही अवशेष मुद्दाम तिकडे नेऊन टाकले होते.

२३ फेब्रुवारी

चौथा रकाना, ओळख पटण्याचा. मला स्वतःला हा सर्वांत महत्त्वाचा वाटू लागला आहे. २००३ मध्ये रिजवेने ४८ खुनांची कबुली दिली, तेव्हा चार ठिकाणच्या अवशेषांना नावेच नव्हती. कागदोपत्री ते 'बोन्स' आणि पुढे क्रमांक एवढेच होते. बोन्स १० हे अवशेष मार्च १९८४ मध्ये बेसबॉलच्या मैदानाच्या देखभाल करणाऱ्याचा कुत्रा हाड तोंडात घेऊन आला म्हणून सापडले. ती चौदा वर्षांची मुलगी होती हे जानेवारी २०२१ मध्ये कळले. बोन्स १६ आणि बोन्स १७ हे अवशेष ऑबर्नच्या एका दफनभूमीच्या उतारावरून एक मोटार खाली घसरली होती, त्या निमित्ताने १९८५ च्या अखेरीस नजरेस पडले. त्यांपैकी पहिलीचे नाव २०१२ मध्ये आणि दुसरीचे डिसेंबर २०२३ मध्ये लागले. म्हणजे खुनी तुरुंगात जाऊन वीस वर्षे झाली, त्याच्यावर लिहिले-बोलले जाऊन कपाटे भरली, तरी ती मुलगी मात्र क्रमांकच राहिली होती.

बोन्स २० ने माझा तक्ताच बिघडवला. २००३ मध्ये सापडलेल्या या अवशेषांची ओळख जानेवारी २०२४ मध्ये जाहीर झाली, तेव्हा निष्पन्न झाले की त्याच मुलीचे आणखी काही अवशेष ऑरेगनमध्ये फार पूर्वी सापडले होते आणि ते तिचेच असल्याचे १९८८ मध्येच ठरले होते. व्यक्ती एक, ओळी दोन. दोन्ही ओळी एकत्र करून सापडण्याच्या दोन तारखा एकाखाली एक ठेवल्या आहेत. ज्यांनी आपल्या यादीत अजून दोन वेगळ्या व्यक्ती मोजल्या असतील, त्यांनी तेवढी दुरुस्ती करून घ्यावी.

याच्या अगदी उलट असे १९९८ चे एक प्रकरण आहे. सिएटलच्या दक्षिण भागात मृतदेह सापडला, ओळख पटली, आणि अमली पदार्थांच्या अतिसेवनाने अपघाती मृत्यू झाल्याची नोंद होऊन फाईल बंद झाली. रिजवेने पुढे तो खून आपणच केल्याचे सांगितले. तो बोलला नसता तर ही ओळ तक्त्यात आलीच नसती.

२ मार्च

पाचव्या रकान्यासाठी १९८७ ते २००१ हा पट्टा वेगळ्या रंगाने दाखवला आहे. रिजवे १९८४ मध्ये खोटे पकडणाऱ्या यंत्राच्या चाचणीतून सुटला होता. एप्रिल १९८७ मध्ये न्यायालयाच्या आदेशाने त्याच्या घराची झडती झाली आणि त्याला कापसाच्या जाळीचा तुकडा चघळायला देऊन लाळेचा नमुना घेतला गेला. त्या वेळच्या तंत्राला पुराव्यातील अत्यल्प नमुन्यांवर काम करता येत नव्हते, म्हणून तो तुकडा गोठवून ठेवला. २००१ मध्ये नव्या पद्धतीने तुलना झाली आणि ३० नोव्हेंबरला त्याला रेंटन येथील ट्रकच्या कारखान्यातून घरी जाताना अटक झाली, जिथे तो तीस वर्षांहून अधिक काळ रंगारी होता. आरंभी आरोप चार खुनांचा होता. पुढे कपड्यांवर आढळलेल्या रंगाच्या सूक्ष्म गोळ्यांवरून आणखी तीन खून जोडले गेले. बाकीचे चाळीसहून अधिक त्याच्या तोंडून आले, आणि ते यावेत म्हणून सरकारी वकील नॉर्म मालेंग यांनी मृत्युदंडाची मागणी सोडली. त्या तडजोडीबद्दल आपल्यात दोन तट आहेत हे मला ठाऊक आहे. माझे मत तक्त्याने बदलले : तिसऱ्या रकान्यातील किती तारखा २००३ च्या किंवा त्यानंतरच्या आहेत हे मोजल्यावर, ती तडजोड नसती तर त्या घरांत काय लिहावे लागले असते, याचा विचार मला टाळता आला नाही. ४९ वा गुन्हाही याच करारातून सिद्ध झाला. डिसेंबर १९८२ मध्ये नाहीशी झालेली ती तरुणी डिसेंबर २०१० मध्ये सापडली आणि फेब्रुवारी २०११ मध्ये रिजवेने कबुली दिली.

१६ मार्च

ग्रीन रिव्हरचे काम थांबवून शेजारची प्रकरणे याच साच्यात बसवून पाहिली. टेड बंडी या कुप्रसिद्ध खूनसत्र करणाऱ्याच्या वॉशिंग्टनमधील ओळी मोजक्या आहेत. १४ जुलै १९७४ रोजी लेक समामिश उद्यानातून एकाच दिवशी दोन तरुणी गेल्या आणि सप्टेंबरमध्ये इसाक्वाजवळ त्यांचे अवशेष सापडले. ते उद्यान आमच्या घरापासून दहा मिनिटांवर आहे. उन्हाळ्यात निम्मी मराठी मंडळी तिथे पोह्यांचे डबे घेऊन असतात आणि मीही असते. बंडीवर मी फार लिहिणार नाही, त्याचे चाहते पुष्कळ आहेत. त्याच्या प्रकरणात मला रस आहे तो रॉबर्ट केपेल या तपास अधिकाऱ्याच्या पद्धतीत. त्यांनी १९७५ मध्ये काउंटीच्या पगारपत्रकांसाठी असलेल्या संगणकावर निरनिराळ्या याद्या एकमेकींशी ताडून पाहिल्या आणि चार याद्यांत समान येणारी २६ नावे काढली. त्यांत बंडीचे नाव होते. तो पकडला गेला मात्र युटामध्ये, रस्त्यावरच्या गाडीतपासणीत.

अनेक खून करणारा स्पोकेनचा रॉबर्ट येट्स खरे तर डोंगरापलीकडचा, राज्याच्या पूर्व भागातला. पण त्याच्यावरील दोन खून पियर्स काउंटीत सिद्ध झाले, म्हणून तेवढ्या दोन ओळी घेतल्या. पोलिसांनी १९९७ मध्ये त्याची पांढरी कॉर्व्हेट थांबवली होती आणि नोंदीत 'कॅमारो' हे दुसऱ्याच मोटारीचे नाव लिहिले गेले, ही गोष्ट मी माझ्या तक्त्यापाशी डकवून ठेवली आहे.

टॅकोमाच्या १९८६ च्या दोन प्रकरणांनी मात्र मला एक पाऊल मागे जायला लावले. मार्चमध्ये बारा वर्षांची आणि ऑगस्टमध्ये तेरा वर्षांची, अशा दोन मुली शहरातील दोन उद्यानांत मारल्या गेल्या. वय जवळचे, काळ जवळचा, दोघीही सायकलवरून गेलेल्या. त्यामुळे दोन्ही खून एकाच माणसाने केले असे कित्येक वर्षे मानले गेले, आणि माझ्या जुन्या तक्त्यात मीसुद्धा त्यांना एकच रंग दिला होता. तीस वर्षांनी डीएनए तपासणीने दोन निरनिराळे पुरुष दाखवले, आणि २०१८ मध्ये दोघेही सहा आठवड्यांच्या आत पकडले गेले. त्यांपैकी एकाने १९८६ मध्ये पहिल्या खुनाबाबत पोलिसांना स्वतःहून फोन करून माहिती दिली होती, म्हणजे त्याचे नाव तेव्हापासून फायलीतच होते. दुसऱ्यापर्यंत पोहोचले ते नातेवाइकांच्या डीएनएवरून वंशावळ मांडून आणि उपाहारगृहात त्याने टाकून दिलेल्या कागदी रुमालावरून. तक्त्यातील 'एकच हात' हा रंग मी आता फक्त तिथेच वापरते, जिथे न्यायालयाने किंवा प्रयोगशाळेने तसे म्हटले आहे. त्यामुळे नऊ ओळी रंगहीन झाल्या. दिसायला तक्ता फिका दिसतो.

३० मार्च

वंशावळीच्या पद्धतीची आणखी एक ओळ स्नोहोमिश काउंटीची. १९८७ मध्ये कॅनडातून आलेले तरुण जोडपे मारले गेले. २०१८ मध्ये विल्यम टॅलबॉटला अटक झाली आणि २०१९ मध्ये ज्युरीने त्याला दोषी ठरवले. २०२१ मध्ये अपील न्यायालयाने एका ज्युरीसदस्याच्या पूर्वग्रहावरून तो निकाल रद्द केला आणि २०२२ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा कायम केला. पाचव्या रकान्यात एकाच घरात तीन तारखा आल्या आहेत. वेगळा रकाना करावा की नाही हे अजून ठरत नाही. कोणी अशा नोंदी कशा ठेवता ते कळवल्यास बरे होईल.

शेवटची ओळ टॉमस वेल्स यांची आहे. हे केंद्र सरकारचे वकील ११ ऑक्टोबर २००१ च्या रात्री सिएटलच्या क्वीन ॲन भागातील आपल्या घराच्या तळघरात संगणकासमोर बसले असताना खिडकीतून झाडलेल्या गोळ्यांनी मारले गेले. बंदुकांवरील निर्बंधांसाठी ते जाहीरपणे काम करीत. हत्यार माकारोव्ह जातीचे पिस्तूल असून त्याची नळी बदललेली होती, इतके तपशिलात माहीत आहे. दहा लाख डॉलरांहून अधिक बक्षीस आहे. या ओळीत पहिले चार रकाने एकाच रात्रीत भरले जातात, आणि बरोबर पन्नास दिवसांनी त्याच काउंटीत रिजवेला अटक झाली. तक्ता तारखेप्रमाणे लावला की या दोन ओळी एकाखाली एक येतात. खालच्या ओळीचा पाचवा रकाना भरला आहे, वरच्या ओळीत मी पेन्सिलने रेघ ओढली आहे.

पुढच्या महिन्यात तक्रारीच्या रकान्यातील आडव्या रेघा कमी करण्याचा प्रयत्न करणार आहे. ग्रंथालयात १९८३ ची स्थानिक वर्तमानपत्रे मागवली आहेत.