उंबरठ्यावरचे हात

सोमवार, रात्र

बुधवारी महिला मंडळात शास्त्रपाठ माझ्याकडे आहे. सध्या पवित्र शास्त्रातला ‘शास्ते’ हा ग्रंथ चाललाय. वाचनाच्या तक्त्यात अठराव्या अध्यायानंतर एकदम पुढचा ग्रंथ, रूथ, लिहिलाय. एकोणीस, वीस, एकवीस गाळलेत. मी कुणाला विचारलं नाही, कारण मीही इतकी वर्षं ही पानं उलटून रूथवरच येत आले. आजीच्या पवित्र शास्त्रात स्तोत्रांच्या पानांच्या कडा हाताळून मऊ पडल्यात, ही पानं मात्र अजून करकरीत आहेत.

आज बसून वाचली. कुकर लावायचा राहून गेला.

एफ्राईमच्या डोंगरातला लेवी कुळातला एक माणूस. त्याची उपपत्नी त्याला सोडून बेथलेहेमला बापाकडे निघून जाते. चार महिन्यांनी तो तिला न्यायला येतो. बाप त्याला आग्रह करकरून ठेवून घेतो, खाणंपिणं चालतं, आणि या सगळ्यात ती एक अक्षरही बोलत नाही. पाचव्या दिवशी उन्हं कलल्यावर ते निघतात. वाटेत यबूस लागतं, म्हणजे यरुशलेम. ते परक्यांचं म्हणून टाळतात आणि आपल्याच लोकांच्या गावी, बन्यामिन कुळाच्या गिब्यात, मुक्कामाला वळतात. तिथे चौकात बसून राहिले तरी कुणी घरात घेत नाही. शेवटी एक म्हातारा घेतो, आणि तोही मूळचा एफ्राईमचाच.

रात्री गावातले गुंड दार ठोठावतात, पाहुण्याला बाहेर काढ म्हणतात. म्हातारा स्वतःची कुमारी मुलगी पुढे करतो. मग तो पुरुष आपल्या उपपत्नीला धरून बाहेर काढतो. रात्रभर ती त्यांच्या हाती असते. उजाडता उजाडता येऊन दारापाशी कोसळते. सकाळी तो निघायला म्हणून दार उघडतो, तर ती पडलेली आणि तिचे हात उंबरठ्यावर.

तो म्हणतो, ऊठ, जाऊ या.

उत्तर येत नाही. तो तिला गाढवावर घालतो, घरी नेतो, सुरी घेतो, तिचे बारा तुकडे करतो आणि इस्राएलाच्या मुलुखभर पाठवून देतो.

मंगळवार, पहाटे

झोप लागली नाही. उठून हिब्रू घेऊन बसले. निवृत्तीनंतर शिकायला घेतलंय, अजून अडखळतच वाचते, पण अडखळत वाचण्याचा एक फायदा असतो, शब्द सुटत नाहीत.

सुरीसाठी इथे ‘माआखेलेत’ असा शब्द आहे. मूळ धातू खाण्याचा. सगळ्या हिब्रू शास्त्रात तो फक्त चारदा येतो. एकदा नीतिसूत्रांत, गरिबांना खाऊन टाकणाऱ्या जबड्यांसाठी. दोनदा उत्पत्तीच्या बाविसाव्यात, जिथे अब्राहाम आपल्या मुलाला, इसहाकाला, बळी द्यायला मोरियाकडे घेऊन जातो. आणि चौथ्यांदा इथे. ‘त्याने सुरी घेतली’ हे वाक्यही दोन्हीकडे तेच. फरक एवढाच की मोरियावर आकाशातून हाक येते, मुलावर हात टाकू नकोस. लेव्याच्या घरात हाक येत नाही.

पुढचं क्रियापदही तसंच. लेवीय या ग्रंथाच्या पहिल्या अध्यायात होमबलीचे, म्हणजे वेदीवर जाळायच्या पशूचे, ‘त्याच्या त्याच्या भागांप्रमाणे’ तुकडे करावेत असं सांगितलंय. तेच क्रियापद आणि तोच भागांचा शब्द इथे तिच्या देहासाठी वापरलाय. लेवी म्हणजे मंदिराच्या सेवेचं कुळ. लिहिणाऱ्याला हे माहीत नव्हतं असं मी मानू शकत नाही. त्याने वेदीवरचे शब्द जाणूनबुजून या घरात आणले आणि त्यावर काहीही न बोलता आपल्यासमोर ठेवले. एवढं कळल्यावर मला त्या अनाम लेखकाबद्दल पहिल्यांदा आदर वाटला. इतकी वर्षं वाटायचं, हा निर्दयपणे सांगतोय.

मुलुखभर तुकडे पाठवण्याची रीत मात्र त्याने मनाने रचलेली नाही. पहिल्या शमुवेलात इस्राएलाचा पहिला राजा शौल बैलजोडी कापून तुकडे गावोगाव धाडतो, जो लढायला येणार नाही त्याच्या बैलांचं असंच होईल म्हणून. शौलही गिब्याचाच. कित्येक अभ्यासकांना वाटतं की आपल्या कथेत त्याच्या घराण्यावर मारलेला टोला आहे. असेलही. त्याहून जुनं एक पत्र युफ्रेटिस नदीकाठच्या मारी या शहरात सापडलंय, इसवी सनापूर्वी अठराव्या शतकातलं. झिम्री-लिम राजाला त्याचा अधिकारी कळवतो की माणसं मोहिमेसाठी जमत नाहीत, तेव्हा तुरुंगातल्या एका गुन्हेगाराला मारून त्याचं डोकं गावागावांतून फिरवू द्या, म्हणजे लोक घाबरून लवकर गोळा होतील. शौलाने बैल कापले, मारीच्या अधिकाऱ्याने गुन्हेगार मागितला. इथे जिच्यावर अत्याचार झाला तिचाच देह निरोप म्हणून धाडला गेला.

मंगळवार, दुपार

तीन आठवड्यांपूर्वी आम्ही शास्त्यांमधल्याच इफ्ताह या सरदाराचा अध्याय वाचला होता. त्याची मुलगी आता या बाईशेजारी येऊन बसलीय, मनातून हलत नाही.

त्याने नवस केला. आपल्याला हा शब्द समजावून सांगावा लागत नाही, घराघरात कुणी ना कुणी काहीतरी बोललेलं असतं. अम्मोन्यांवर जय दे, परतल्यावर माझ्या घराच्या दारातून जे मला सामोरं येईल ते तुला होमबली म्हणून देईन. दारातून डफ वाजवत, नाचत त्याची मुलगी आली. एकुलती एक. इसहाकालाही देव ‘तुझा एकुलता एक’ म्हणतो, तोच शब्द. ती फक्त दोन महिने मागते, मैत्रिणींबरोबर डोंगरात जाऊन रडायला. मग परत येते, आणि त्याने तिचं नवसाप्रमाणे केलं, इतकंच लिहिलंय. कसं केलं ते लिहिलेलं नाही. बाराव्या-तेराव्या शतकातल्या दाविद किम्ही या भाष्यकाराने म्हटलंय की ती मेली नाही, एकांतात राहिली. मला तसं मानायला फार आवडलं असतं, पण वाचताना मन धजत नाही.

लेवीयचा सत्ताविसावा अध्याय या नवसाशेजारी ठेवून वाचला की जीव कळवळतो. माणसाचा नवस केला असेल तर चांदी देऊन सोडवता येतं. पाच ते वीस वर्षांच्या मुलीसाठी दहा शेकेल, त्यापुढच्या बाईसाठी तीस. जुन्या यहूदी आचार्यांनाही ही तरतूद टोचली असणार. त्यांच्या मिद्राशांत, म्हणजे शास्त्रावरच्या कथा-टीकांत, एक गोष्ट आहे: फिनहास याजक तिथे होता, तो नवस मोडून देऊ शकला असता. पण तो म्हणाला, गरज त्याला आहे, त्याने यावं. इफ्ताह म्हणाला, मी सरदार, मी कशाला जाऊ? दोघांच्या मानपानात मुलगी गेली. यहूदी सभास्थानात हा अध्याय वाचतात, पण तेहतिसाव्या वचनाशी थांबतात. नवस येतो, विजयही येतो. ती चौतिसाव्यात दारातून बाहेर येते. म्हणजे आमचा तक्ताच काही वेगळा नाही.

शास्त्यांमध्ये मात्र लिहून ठेवलंय की इस्राएलाच्या मुली वर्षातून चार दिवस तिच्यासाठी शोक करायला जात. बायकांनी स्वतः पाडलेला विधी, त्यात ना वेदी ना याजक. तो कधी आणि कुठे बंद पडला, कळायला मार्ग नाही.

मंगळवार, रात्र

आज आणखी एक पान उघडलं, ‘अनुवाद’ या ग्रंथाचा एकविसावा अध्याय. शेतात कुणाचा तरी मुडदा सापडला आणि मारेकरी कळला नाही, तर वडीलजनांनी यावं आणि चहूकडच्या गावांपर्यंतचं अंतर मोजावं. जे गाव जवळचं, त्याच्या वडीलजनांनी कधी जुंपली नाही अशी कालवड वाहत्या पाण्याच्या, कधी न नांगरलेल्या खोऱ्यात न्यावी, तिची मान मोडावी, तिच्यावर हात धुवावेत आणि म्हणावं, आमच्या हातांनी हे रक्त पाडलं नाही. मिश्नामध्ये, यहूदी आचार्यांच्या जुन्या नियमसंग्रहात, या शब्दांचा अर्थ विचारलाय. वडीलजन खुनी आहेत असं का कुणाच्या मनात येणार आहे? मग उत्तर दिलंय: हा माणूस आमच्याकडे आला आणि आम्ही त्याला उपाशी, सोबतीवाचून जाऊ दिलं, असं झालं नाही.

मी हे वाचून पुस्तक मिटलं. गिब्याच्या चौकात नेमकं हेच झालं होतं. माणसं आली आणि कुणी घरात घेतलं नाही.

अनोळखी प्रेतासाठी दोरी घेऊन अंतर मोजणारे लोक हे. रक्ताचा थेंब कुठे शिंपडायचा, कुठे ओतायचा, शिकारीतलं रक्त मातीने कसं झाकायचं, सगळं ठरलेलं, कारण देहाचा जीव रक्तात असतो. या विधींकडे मी पूर्वी नुसती कापाकापी म्हणून बघायची. आता वाटतं की हिंसेला कुंपण घालायची ती धडपड होती. आणि शास्त्यांचा शेवट म्हणजे कुंपण मोडल्यावर काय उरतं ते. त्यात विधी काही कमी नाहीत. उपास आहेत, होमबली आहेत, नवी वेदीही बांधतात. गिब्याचा सूड घ्यायला बाकीची कुळं बन्यामिनांवर चालून जातात, आणि आपल्या मुली त्यांना देणार नाही अशी मिस्पा गावी शपथ घेतात. पुढे बन्यामिनांचे सहाशे पुरुष उरल्यावर कळवळतात, पण शपथ मोडायची नाही, म्हणून याबेश गिलाद हे गाव कापून काढतात आणि चारशे कुमारिका आणतात. दोनशे कमी पडतात, त्या शिलोच्या सणात नाचणाऱ्या मुलींतून पळवायला लावतात. एका बाईच्या न्यायासाठी निघालेल्या लोकांनी सहाशे मुली ओढून नेल्या आणि शपथ तेवढी शाबूत ठेवली. इफ्ताहानेही शब्द तेवढा पाळला होता.

टेबलावर पंडिता रमाबाईंचं भाषांतर ठेवलंय. हिब्रू आणि ग्रीक शिकून त्यांनी अख्खं शास्त्र मराठीत आणलं. १९२२ साली त्या गेल्या, १९२४ साली ते केडगावला मुक्ती मिशनच्या छापखान्यात पूर्ण छापून निघालं. तिथे छपाईच्या अक्षरांचे खिळे जुळवायला मुली-बायकाच होत्या, दुष्काळातून आलेल्या, घरातून टाकलेल्या. हे तीन अध्यायही कुणीतरी एकेक खिळा उचलून जुळवले असतील. त्यांनी पानं गाळली नाहीत.

उद्या एकोणिसावा वाचायचा.

बुधवार

अकराजणी होत्या. मी आधीच सांगितलं, जिला ऐकवणार नाही तिने खुशाल बाहेर बसावं. कुणी उठलं नाही. उंबरठ्याच्या वचनाशी माझा आवाज गेला, तेव्हा शेजारच्या मावशींनी पुस्तक माझ्या हातून घेतलं आणि पुढे त्यांनी वाचलं.

नंतर मी सांगितलं की हिब्रूत ती मेली असं लिहिलेलंच नाही, फक्त उत्तर आलं नाही इतकंच आहे. ग्रीक भाषांतर करणाऱ्यांनी ‘कारण ती मेली होती’ हे शब्द घातले. पुढच्या अध्यायात लेवी जमलेल्या लोकांना सांगतो की ती मेली, पण तिला बाहेर कुणी काढलं ते सांगत नाही.

थोडा वेळ कुणीच बोललं नाही. मग मागच्या खुर्चीवरच्या बाई बोलल्या. चाळीस वर्षं परिचारिका होत्या, आता नीट दिसतही नाही त्यांना.

“उत्तर दिलं नाही म्हणजे मेली असं नसतं गं,” त्या म्हणाल्या. “आम्ही आधी खाली बसायचो. हात हातात घ्यायचो, नाडी बघायला. त्याने घेतला का तिचा हात?”

मावशींनी ते वचन पुन्हा काढलं, बोट ठेवून शब्दन् शब्द बघितला.

“नाही,” त्या म्हणाल्या. “घेतला नाही.”