काका म्हणत होते, रात्र होती

पानशेतच्या पुरावर डॉक्युमेंटरी करत होतो तेव्हाची गोष्ट. शनिवार पेठेतले एक काका, ६१ साली आठ वर्षांचे, कॅमेऱ्यासमोर दीड तास बोलले आणि सगळं इतकं लख्ख आठवत होतं त्यांना, आईने तांदळाचा डबा कुठे उचलून ठेवला इथपर्यंत. फक्त एकच घोळ. पाणी आलं तेव्हा म्हणे रात्र होती, मिट्ट काळोख.

आता १२ जुलै १९६१, बुधवार. पानशेत धरण सकाळी फुटलं, ते पाणी खालच्या खडकवासला धरणात आलं आणि दुपारी खडकवासलाही गेलं, म्हणजे पुणं बुडालं ते दिवसाढवळ्या. पानशेतचं काम अजून पुरं पण झालं नव्हतं, आदल्या रात्री जवानांनी वाळूची पोती रचून रचून बांध धरून ठेवला, नाहीतर तेच पाणी झोपलेल्या गावात शिरलं असतं आणि किती माणसं गेली असती, विचार करवत नाही. त्या पोत्यांवरच तर माझी सगळी फिल्म उभी होती. आणि माझा सगळ्यात चांगला साक्षीदार म्हणतोय रात्र!

एडिटर म्हणाला काप ते वाक्य, वयामुळे होतं असं, आणि मी कापलं.

नंतर वाड्याचे शॉट घ्यायला गेलो, वाडा पाडायला काढला होता म्हणून घाई. काका बरोबर आले. भर दुपारी बाराचं ऊन, चौकात नुसता उजेड. काका हळूहळू माळ्याचा जिना चढले, आम्ही कॅमेरा घेऊन मागे. वर गेल्यावर म्हणाले, ते झडप लाव बघू. जुन्या वाड्यात जिन्याच्या तोंडावर आडवं लाकडी झडप असतं ना, तेच. मी लावलं आणि एकदम काही दिसेना, कॅमेऱ्याचा आयएसओ, म्हणजे अंधारात दिसण्याची ताकद, चढवत चढवत शेवटपर्यंत नेला तरी स्क्रीनवर नुसते दाणे. खिडकीच नव्हती तिथे.

काका अंधारात खाली बसलेले, झडपावर हात फिरवल्याचा आवाज येत होता. म्हणाले, "आईने आम्हा तिघांना इथे घातलं आणि झडप लावून स्वतः वर बसली, आम्ही खाली डोकावू नये म्हणून. शेवटच्या दोन पायऱ्या राहिल्या होत्या. खालून धडका बसायच्या, फळ्या हलायच्या. उघडलं तेव्हा बाहेर पण अंधारच, गावात लाईट कुठे होती." माझ्या तोंडून शब्द फुटेना. आपण ह्या माणसाला चुकीचं ठरवून कापून टाकलं होतं, हे फार लागलं मला.

तो तुकडा परत टाइमलाइनवर घेतला. आधी जवानांची ती रात्र, मग सकाळ, दुपार, सगळ्या वेळा नीट सांगून, आणि त्यानंतर चाळीस सेकंद नुसता काळा पडदा आणि काकांचा आवाज.

वाडा पुढच्याच महिन्यात पडला. झडप काकांनी काढून घेतलंय, फ्लॅटच्या बाल्कनीत उभं करून ठेवलंय.