स्टँडमागची भिंत

रविवार, रात्रीचे साडेअकरा

जेवणं उरकल्यावर आई शेजारी येऊन बसली आणि माझ्या फोनमध्ये डोकावत म्हणाली, "कोण गं ही बाई? मायाळू दिसते." मी 'कुकू विथ कोमाली' या तमिळ स्वयंपाक-स्पर्धेच्या कार्यक्रमाचे जुने तुकडे बघत होते, २०२०-२१ च्या पर्वातले. कोमाळी म्हणजे विदूषक. स्वयंपाकातलं ओ की ठो न कळणारा एकेक जण प्रत्येक स्पर्धकाच्या गळ्यात मारतात आणि मग उडणारी तारांबळ आपण बघायची. पडद्यावरची बाई शेजारच्या पोराला दटावत होती आणि ते पोर अम्मा, अम्मा करत तिच्या मागेमागे.

"शकीला," मी म्हटलं. आई काही बोलली नाही.

मी सातवीत असेन. शाळेच्या वाटेवर एसटी स्टँडमागे एक लांबलचक भिंत होती, खळ लावून डकवलेल्या पोस्टरांनी भरलेली. मल्याळममधून हिंदीत आणलेले सिनेमे, रोज सकाळी ११ चा खेळ, फक्त प्रौढांसाठी. नको तिथे काळ्या कागदाची पट्टी. पावसाने खळ सुटली की पट्टीचं एक टोक लोंबायचं. आई बरोबर असली की भिंत यायच्या आधीच माझा हात धरून पलीकडे न्यायची, तिकडे घोटाभर चिखल असला तरी.

त्या पोस्टरांवरच्या बाईचं, शकीलाचं, नाव कळलं ते वर्गातल्या पोरांकडून. आमच्यातल्या एका थोराड मुलीला त्यांनी ते चिकटवलं, वर्षभर. मीही एकदा तिला त्या नावाने हाक मारली होती. रोजनिशीत खोटं लिहायचं नाही, म्हणून हेही लिहिते.

तिकडे केरळात तेव्हा काय चाललं होतं ते मला फार उशिरा वाचायला मिळालं. शकीला मूळची मद्रासची. १९९५ मध्ये 'प्लेगर्ल्स'मधून आली, सिल्क स्मिता या गाजलेल्या नटीच्या सिनेमात. २००० मध्ये 'किन्नारत्तुंबिकळ' आला. बारा लाखांत बनला आणि चार कोटींच्या आसपास कमावून गेला असं सांगतात. मल्याळम सिनेमाचे ते पडते दिवस होते, थिएटरं मोडून मंगल कार्यालयं होत होती. हिचे सिनेमे थोडक्या पैशांत आणि थोडक्या दिवसांत उरकायचे, पण लहान गावांतली थिएटरं त्यांवर तगली. 'शकीला पडम' म्हणजे शकीलाचा सिनेमा, हा एक प्रकारच होऊन बसला. 'नून शो' म्हटलं की पुढचं सांगावं लागत नसे.

मला सगळ्यात जास्त खुपलं ते 'तुंडु' प्रकरण. तुंडु म्हणजे तुकडा. सेन्सॉरकडून पास झालेल्या रिळांत मधेच भलत्याच दृश्यांचे तुकडे जोडून दाखवायचे. आपण न दिलेली दृश्यं दुसऱ्याच बाईला उभं करून घेतली आणि आपल्या नावावर खपवली, असं शकीलाने मुलाखतींमधून सांगितलंय. म्हणजे आमच्या बेंचवर करकटकाने कोरलेलं नाव तिचं, आणि अंग कुणाचं कोण जाणे. त्या दुसरीचं तर नावही कुठे आलं नाही. तिला मेहनताना किती मिळत असेल?

पुढे २०१३ मध्ये शकीलाचं आत्मचरित्र मल्याळममध्ये आलं. २०२० मध्ये तिच्यावर हिंदी सिनेमा निघाला, रिचा चढ्ढा होती त्यात. तो मी अर्ध्यात सोडला. दुःखाचं पार्श्वसंगीत इतकं, की बाई दिसेचना. त्यापेक्षा फोडणी जळाली म्हणून कपाळावर हात मारणारी ही खरी वाटते. या स्पर्धेत ती शेवटच्या फेरीपर्यंत पोचली. पण घराघरांत अम्मा झाली म्हणून सगळं मिटलं, असंही नाही. नोव्हेंबर २०२२ मध्ये कोळिकोडच्या एका मॉलमध्ये सिनेमाच्या ट्रेलरचा कार्यक्रम होता. ती पाहुणी म्हणून येणार हे कळल्यावर मॉलने परवानगीच नाकारली. जिच्या नावावर वीस-बावीस वर्षांपूर्वी तिकिटं खपली, तिला आता दारातूनही आत घ्यायचं नाही. आम्हीही त्यातलेच. आम्ही फक्त रस्ता ओलांडायचो, एवढंच.

ती वर्गातली मुलगी आमच्या शाळेच्या ग्रुपवर आहे. लेकीचे नाचाचे फोटो टाकते, मी अंगठा देते. आज तिचं नाव उघडून नुसतीच बसले होते. काय लिहिणार? चोवीस वर्षांनी?

तेवढ्यात आईने चष्मा लावला, फोन माझ्या हातातून घेतला आणि बराच वेळ बघत राहिली.

"स्टँडमागची ना ही?" तिने विचारलं.

मी हो म्हटलं.

"हं," आई म्हणाली. मग थोड्या वेळाने, "त्या पोराने मीठ दोनदा घातलं बघ. हिचं लक्षच नाही."