डोंगर किती खोल असतो?

डोंगर म्हटला की पहिला प्रश्न ठरलेला: उंच किती? एव्हरेस्टची उंची नेपाळ आणि चीनने २०२०मध्ये मिळून जाहीर केली, ८८४८.८६ मीटर. सेंटिमीटरसुद्धा सोडले नाहीत! तरीही हा प्रश्न मला अर्धवटच वाटतो. डोंगर खोल किती, हे कोणी विचारतच नाही.

आधी माथ्यावरचं बघू. एव्हरेस्टच्या अगदी टोकाचा खडक चुनखडीचा आहे, म्हणजे समुद्राच्या तळाशी साचलेला गाळ. त्यात ट्रायलोबाइट, क्रिनॉइड अशा ४५ कोटी वर्षांपूर्वीच्या समुद्री जिवांचे तुकडे सापडतात. चढणाऱ्याने जीव धोक्यात घालून जगातली सर्वांत उंच जागा गाठायची आणि पायाखाली काय, तर समुद्राचा तळ! भारतीय भूखंड उत्तरेकडे सरकत आशियाला भिडला, त्याला साधारण ५ कोटी वर्षं झाली. मधला टेथिस समुद्र मिटला. त्याचा गाळ चेपला, दुमडला आणि वर चढला. भारताचा तो रेटा अजून थांबलेला नाही, वर्षाला चार-पाच सेंटिमीटर चालूच आहे.

हे ‘दुमडणं’ पुस्तकात वाचून पटत नाही. त्यासाठी डोंगर फोडून काढलेल्या रस्त्याच्या कडेला उभं राहावं. अशाच एका कापलेल्या कड्यापाशी मी बराच वेळ रेंगाळलो होतो. फिकट आणि काळसर थर एकाआड एक. त्यातला एक फिकट पट्टा बोटाने धरून वर गेलो, तर डोक्याच्या उंचीवर तो वळला आणि पलीकडून पुन्हा खाली आला. वळणावर जाड, दोन्ही बाजूंना पातळ, आणि चीर म्हणाल तर कुठे नाही. हातोड्याने ठिकऱ्या उडणारा दगड असा वळतो कसा? त्याला घाई नसते म्हणून. जमिनीत खोलवर, उष्णतेत आणि दाबाखाली, लाखो वर्षं रेटा बसला की दगडही नमतं घेतो.

सगळेच डोंगर असे वळ्या पडून होतात असं नाही. कुठे भूकवचाला भेगा पडून मधला भाग खचतो आणि कडेचे तसेच उंच राहतात. युरोपात ऱ्हाइन नदीच्या खोऱ्याच्या दोन बाजूंचे व्होज आणि ब्लॅक फॉरेस्ट हे डोंगर त्यातले. ज्वालामुखीला तर दमच नसतो. मेक्सिकोत फेब्रुवारी १९४३मध्ये दिओनिसियो पुलिदो या शेतकऱ्याच्या मक्याच्या शेतात जमीन भेगाळली आणि वर्षभरात तिथे ३०० मीटरहून उंच पारिकुतिन उभा राहिला. १९५२मध्ये तो थंडावलाही. जन्म आणि निवृत्ती, दोन्ही नऊ वर्षांत उरकलं.

खोलीचा प्रश्न मात्र एका ओळंब्याने सोडवला, आणि तोही चुकून. एकोणिसाव्या शतकात भारताची मोजणी चालली होती. उत्तरेला हिमालयाकडचं कलियाना आणि दक्षिणेला कल्याणपूर, या दोन ठाण्यांच्या अक्षांशांतला फरक दोन रीतींनी काढला: एकदा जमिनीवर त्रिकोण आखून, एकदा तारे बघून. दोन्ही उत्तरांत ५.२३६ सेकंदांची (हा सेकंद वेळेचा नव्हे, कोनाचा: अंशाचा ३६००वा भाग) तफावत आली, म्हणजे जमिनीवर दीडशे मीटरच्या वर. ताऱ्यांचं माप ओळंब्यावर बेतलेलं, आणि ओळंब्याला हिमालय आपल्याकडे ओढत असणार, हे उघड होतं. कलकत्त्याचे आर्चडीकन जॉन प्रॅट यांनी ती ओढ किती हवी, याचं गणित मांडलं. उत्तर आलं १५.८८५ सेकंद! एवढा मोठा पर्वत आणि ओढ मात्र हिशेबाच्या एक तृतीयांश. धर्मगुरूने आपलं काम सांभाळून एवढी आकडेमोड करावी, याचं मला त्या उत्तराइतकंच कौतुक वाटतं.

याचा उलगडा ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ जॉर्ज एरी यांनी त्याच वर्षी, १८५५मध्ये, सुचवला. पर्वत जमिनीवर नुसता ठेवलेला नसतो. पाण्यात तरंगणाऱ्या ओंडक्यांपैकी जो जास्त वर दिसतो तो पाण्याखालीही जास्त असतो, तसंच पर्वताचं. त्याचा हलका खडक खालच्या जड थरात मुळासारखा खोल गेलेला असतो. जड खडकाची जागा हलक्याने घेतली, म्हणून ओढ कमी. पुढे भूकंपाच्या लहरींनी याला दुजोरा दिला. खंडांखालचं भूकवच सरासरी ३५ ते ४० किलोमीटर जाड, पण तिबेटखाली ते ७० किलोमीटरच्या घरात जातं. एव्हरेस्टचे पावणेनऊ किलोमीटर त्यापुढे किस झाड की पत्ती!

झिजेचं कोडंही इथेच सुटतं. ऊन, पाऊस, बर्फ आणि नद्या डोंगर रात्रंदिवस पोखरत असतात. मग कोट्यवधी वर्षांत तो कधीच सपाट व्हायला हवा होता. पण वरचं ओझं उतरलं की खालचं मूळ वर येतं. माथ्यावरचा हजार मीटर थर झिजला, तर त्यातले सुमारे आठशे मीटर खालून भरून निघतात. गंमत म्हणजे नद्यांनी फक्त दऱ्याच कोरल्या आणि शिखरं शाबूत राहिली, तर एकूण भार घटल्यामुळे शिखरं आणखी वर सरकतात. पाणी डोंगर खातं आणि उचलतंही.

अर्थात ही उधारी कधीतरी संपते. मूळ वर येत येत पातळ होतं आणि एके काळी कित्येक किलोमीटर खोल असलेला खडक उघड्यावर येतो. गार्नेट या खनिजाचे लालसर दाणे मिरवणारे दगड बहुतेक असेच खोलातून आलेले. कॅनडाच्या पूर्वेला ग्रेनव्हिल नावाचा पट्टा आहे. तिथे सुमारे १०० कोटी वर्षांपूर्वी खंड एकमेकांवर आदळून मोठी पर्वतरांग उभी राहिली होती. आज तिथे तळी आहेत, जंगल आहे, बुटक्या टेकड्या आहेत, आणि त्यांचा खडक म्हणजे त्या रांगेचा तळघरातला भाग. त्यावर उभं राहिलं की उंचीचं कौतुक करण्यासारखं काही दिसत नाही. भूशास्त्रज्ञ मात्र तिकडे आवर्जून जातात, कारण हिमालयाच्या पोटात आज काय चाललं असेल ते बघायला याहून सोयीची जागा नाही.